ठकूआईचा चिमटा

फार वर्षांमागची गोष्ट, सोनमाळावर मोटार यायची होती अजून. तिथं मेंढरं राखणारी ठकूआई राहायची. असं म्हणतात, समोरच्या टेकडीवरच्या काळ्या मेंढीची गोचीड तिला इकडून दिसायची. हसू नका, म्हणतात म्हणून सांगतो.

पण ही नजर तिला उशिरा आली. तिचा एकुलता पोरगा बिरू तापानं फणफणला, अंगभर लाल ठिपके उठले. सगळे म्हणाले, देवी आल्या. देवी आल्या म्हणजे न्हाणं नाही, विंचरणं नाही, दवाखाना तर नाहीच. ठकूआईनं सगळं पाळलं. बिरू गेला. शेवटची आंघोळ घालताना त्याच्या कानामागं, केसांत, तिला काळी खपली दिसली आणि खपलीलाच चिकटलेली टच्च फुगलेली गोचीड. काळीज फाटलं बाईचं.

पुढच्या पावसाळ्यात शेजारच्या कोंडिबाची धुरपा तशीच तापली. डोकं ठणकायला लागलं, ठिपके तळहातांवर, तळपायांवरसुद्धा. दाराला लिंबाचा पाला लागला. ठकूआई तो सारून आत शिरली आणि पोरीची वेणी सोडायला बसली.

"आये, कोप होईल!" कोंडिबा ओरडला.

"होऊ दे माझ्यावर. माझं काय न्यायचं राहिलंय आता?"

कानामागं तीच खपली, तीच गोचीड. काटे काढायच्या चिमट्यानं तिनं ती कातडीलगत धरली आणि सरळ वर ओढली. आपले लोक नखावर चिरडतात, तसं केलं नाही. ताप मात्र हटेना. मग तिनं पोरीला पाठीशी बांधलं आणि तालुक्याची वाट धरली. असं म्हणतात, नदीला पूर होता, पण पाणी तिच्या कमरेच्या वर चढलंच नाही. डॉक्टरांना तिनं आधी एवढंच सांगितलं, "हिला गोचीड चावलीय." औषध लगेच सुरू झालं. धुरपा जगली, तिला नातवंडं झाली. त्यातलाच मी एक.

आजही सोनमाळावर दर घराच्या चौकटीला चिमटा टांगलेला असतो. मेंढरांमागून आलेला माणूस उंबऱ्याबाहेर थांबतो. डोकं, कानामागं, काखा, जांघा, सगळं बघितल्याशिवाय आत घेत नाहीत. ताप आला तर दवाखान्यात पहिली गोष्ट गोचिडीचीच सांगतात.

पण पोरांची डोकी बघण्याआधी घरोघरची आई तो चिमटा रिकाम्या हवेत एकदा उघडते, मिटते आणि म्हणते, "हे बिरूचं." त्याचं डोकं बघायचं राहून गेलं होतं ना.