अर्ध्या ओळीवर बसलेले वर्ष

निरवाडीच्या वरच्या खिंडीत, वाटेच्या अगदी कडेला, हा जो काळा खडक दिसतो, त्याच्या माथ्यावर एक उथळ खळगा आहे. तो पाण्याने पडला असेल, असे आपण म्हणाल. मीही पुष्कळ वर्षे तसेच म्हणत असे. अडचण एवढीच, की खिंडीच्या या अंगाला पाणी वाहत नाही. गावातली माणसे मात्र बिनदिक्कत सांगतात, की येथे एकदा वर्ष बसले होते.

आकाशात दोन सूर्य असल्यामुळे माणसाला दोन सावल्या असतात, हे आपल्याला सांगायला नको. पण वर्षातून एका दुपारी धाकटा सूर्य थोरल्याच्या आड जातो आणि प्रत्येकाची एकच सावली उरते, त्या वेळेला या खोऱ्यात मोठा मान आहे. त्या दुपारी जुने वर्ष खिंडीतून निघून जाते. येथे वर्षाला पाहुणा मानतात. पाहुण्याला मुकाट्याने जाऊ देत नाहीत. म्हणून गावातली एक बाई खिंडीत उभी राहून निरोपगाणे म्हणते. गाण्याची शेवटची ओळ संपली की पाहुणा उंबरठा ओलांडतो. नवे वर्ष लगेच येत नाही. मध्ये थोडा कोरा वेळ जातो. त्या कोऱ्या वेळात जन्मलेल्या मुलाला वर्ष मिळत नाही, आणि ज्याला वर्ष नाही त्याला वय नाही, असे सांगतात.

असे मूल गावात एकच होते, म्हणे. त्याचे नाव सोमा. त्याची बहीण रेणाक्का त्याला पाळण्यात जोजवता जोजवता मोठी झाली, म्हातारी झाली. सोमा तान्हाच राहिला. आईनंतर त्याचे सगळे तिनेच केले. आपल्यामागे त्याला कोण घेईल, एवढीच तिला चिंता होती. निरोपगाणे म्हणण्याचा मानही तिच्याकडेच होता, आणि त्यात ती फार काटेकोर होती. ठेका वाढवणे नाही, मात्रा सोडणे नाही, गाणे सुरू झाल्यावर मध्ये थांबणे तर नाहीच.

एका वर्षी निरोपाच्या दिवशीच तानूबाईची सून किनरी अडली. तिला खालच्या गावात नेण्यासाठी खिंडीपर्यंत आणले होते. पुढे नेणे शक्य नव्हते. खडकामागे लुगड्यांचा आडोसा केला. गाणे सुरू होण्याआधी तानूबाई रेणाक्काजवळ आली.

“आक्का, आज जरा सावकाश म्हणा हो.”

“गाणे माझ्या माहेरचे आहे का, बाई? ठरले आहे तसेच होईल.”

धाकटा सूर्य आड गेला, सावल्या एक झाल्या, रेणाक्काने गाणे धरले. ऊन दिलेस, थंडी दिलीस, कोणाला नेलेस, कोणाला आणलेस. असे वर्षाचे एकेक देणे त्या गाण्यात येते. खिंडीतले गवत कोणीतरी चालत असल्यासारखे वाकत गेले. शेवटची ओळ आली:

‘दिलेस तेवढे आम्ही...’

तेवढ्यात आडोशामागून सुईण ओरडली, “डोके दिसतेय! पण अजून नाही, अजून नाही!”

रेणाक्का थांबली. ओळ तशीच ठेवून तिने तोंड मिटले.

लोक घाबरले. गावचा पाटील पुढे झाला. “आक्का, ओळ पुरी करा! निघालेल्या पाहुण्याला असे अडवतात का?”

रेणाक्का उत्तर देऊ शकत नव्हती. तोंडातून दुसरा शब्द गेला असता तर गाणे मोडले असते. उत्तर तानूबाईने दिले. “अडवले कुठे, पाटील? बोलणाऱ्याला ठसका लागला तर तुम्ही उठून चालू लागता होय? भला पाहुणा असेल तर बसेल घटकाभर!”

आणि खरोखरच, म्हणे, गवत वाकायचे थांबले. दिलेले या लोकांनी कसे मानले, हे ऐकल्याखेरीज वर्षाला जाता येईना. ते या खडकावर बसले. कोणी पाहिले, असे मी विचारले आहे. कोणीच पाहिले नव्हते; सर्वांनी फक्त खडक खाली दबल्याचा आवाज ऐकला. आभाळात धाकटा सूर्यही आडच राहिला. रेणाक्का मिटल्या तोंडाने उभी होती. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते; पण तिने ते पुसले नाही.

मग आडोशामागे मूल रडले.

रेणाक्काने श्वास घेतला आणि ओळ पुरी केली: ‘गोड मानले.’

गवत पुन्हा वाकले, खिंडीपलीकडे गेले. किनरीच्या मुलीला जुने वर्ष मिळाले, तशी ती वाढली आणि पुढे निरोपगाणे तिच्याकडेच आले. येथवर सगळ्यांचे एकमत आहे. पुढच्या भागाबद्दल नाही. काहींच्या मते गोष्ट येथेच संपते. इतर सांगतात, की जिने ओळ थांबवून बसवून घेतले, तिचा रिकाम्या हाताने निरोप घेणे पाहुण्याला बरे वाटले नाही. रेणाक्का घरी परतली आणि सोमाला चमच्याने पेज भरवू लागली, तेव्हा चमचा कशावर तरी खट्कन वाजला. तिने बोट घालून पाहिले. सोमाला दात येत होता.

पुरावा कशालाच नाही. खळगा आहे, एवढेच.

आजही त्या दुपारी सारे गाव या खडकापाशी जमते. तान्ही मुले कडेवर असतात, त्यांना चिमटा काढायला किंवा रडवायला सक्त मनाई आहे. गाणारी बाई ‘दिलेस तेवढे आम्ही’ इथवर येते आणि थांबते. मग एकेका सावलीवर उभी असलेली सगळी माणसे गप्प राहतात. कधी क्षणभर, कधी पाय भरून येईपर्यंत. खडकावर कोणी बसत नाही. तो कोणासाठी तरी रिकामा ठेवलेला असतो. शेवटी कोणाचे तरी मूल आपणहून रडते, आणि ते ऐकताच, ज्यांचे त्या वर्षात खूप गेले तेही, सगळे एका आवाजात उरलेले दोन शब्द म्हणतात.