शेळी आणि कुंपण

फार पूर्वी एका डोंगरावर राजाचा किल्ला बांधला जात होता. अधूनमधून एखादा दगड निसटायचा आणि गडगडत पायथ्याशी यायचा.

कुणी दगावलं तर घरच्यांना काय द्यायचं, हे ठरवायला राजाने एक कारभारी नेमला. त्याचं अक्षर किरटं, म्हणून चावडीवरची पाटी त्याची बायको लिहायची. शिकलेली होती ती. गवंडी गेला तर बैलजोडी. हमाल गेला तर गाय.

"आणि लहान मूल?" तिने विचारलं.

"ते कुठे कमावतं? लिही, एक शेळी."

खडू क्षणभर थांबला. आपल्याला काय कळतं यातलं, असं मनाशी म्हणत तिने लिहिलं. अक्षर मात्र सुरेख आलं.

पहिली शेळी कुंभारणीच्या दारात गेली; तिची लेक दगडाखाली सापडली होती. कुंभारीण रडत चावडीवर आली. "शेळी परत न्या, पण पायथ्याला कुंपण घाला. पोरं खेळायला जातात तिथं."

कारभाऱ्याने बोटांवर हिशेब केला. "कुंपणाला शंभर शेळ्यांचा खर्च येईल, बाई. एवढी पोरं थोडीच मरणार आहेत?"

चावडीला लागूनच घर होतं; बायको दाराआड उभी होती. बोलावंसं वाटलं तिला. पण चुलीवर भात होता. बोलणं उद्यावर गेलं, उद्याचं परवावर.

महिन्याभरात आणखी एक दगड सुटला. त्याखाली कारभाऱ्याचीच पाच वर्षांची लेक सापडली.

तिसऱ्या दिवशी शिपाई शेळी घेऊन दारात आला.

"माझ्या लेकीच्या बदल्यात शेळी?" कारभारी ओरडला.

शिपायाने मान खाली घातली. "पाटीवर तसंच आहे, मालक. वहिनींच्याच हातचं."

बायको उठली. अनवाणीच कुंभारणीकडे गेली. अंगणात पहिली शेळी बांधलेली होती.

"तुमच्या मुलीचं नाव काय होतं हो?"

कुंभारणीने हातातलं मडकं खाली ठेवलं. "गोदी. आजवर कुणी विचारलंच नाही."

"माझी मैना."

दुसऱ्या दिवशी दोघी बाभळीच्या काटेरी फांद्या ओढत पायथ्याशी निघाल्या. मागून वस्ती आली. सगळ्यांत शेवटी, डोक्यावर भारा घेऊन, कारभारी आला. कुणीतरी त्याचा भारा उतरवून घेतला.

चार दिवसांत कुंपण उभं राहिलं. फक्त चार दिवसांत. ते पाहून तेव्हा कुठे कारभाऱ्याच्या बायकोला रडू फुटलं.

तात्पर्य: जिवाची किंमत एकदा ठरवली, की तो जीव वाचवणं महाग वाटू लागतं.