ड्रॅगनचा हुकूम

प्रत्येकाने एकेक पात्र घेऊन खेळायच्या फाशांच्या खेळात गोष्ट चालवणारा शंतनू स्वतःला ब्रह्मदेवच समजायचा. त्याचा नियम कडक होता. "टेबलावर जो जे बोलेल, ते खेळातच बोलला असं धरणार!" भज्यातली मिरची चावून सुहृद "मेलो रे" ओरडला, तर शंतनूने त्याचा योद्धा मारूनच टाकला.

आता मुग्धाची चेटकीण तेवढी उरली होती, तीही ड्रॅगनच्या गुहेत कोंडलेली. ड्रॅगन होऊन शंतनू गुरगुरला, "माझ्या हुकमाशिवाय सुटका नाही! टाक फासा!"

मुग्धाने फासा ठेवला, पिशवी उचलली.

"कंटाळा आला. मी निघते."

शंतनूचं डोकंच फिरलं. "जा, खुशाल जा! अडवलंय कोणी?"

मुग्धा पुन्हा खुर्चीत बसली.

"हुकूम मिळाला. चेटकीण गुहेबाहेर पडली. सांग पुढची गोष्ट."