घरओढीतली रिकामी जागा

फार वर्षांपूर्वी, धुकं कुणाला विचारल्याशिवाय कुठेही वस्तीला राहायचं, तेव्हाची ही गोष्ट. ढगांच्याही वर निळवण नावाचं गाव होतं. तिथे ढग कुरणात उतरून गायींबरोबर चरायचे, आणि दिवेलागणीला धुकं चढून सगळं रान झाकून टाकायचं. त्या धुक्यात अडकलेलं माणूस मरत नसे, नुसती घराची वाट विसरून जाई, असं म्हणतात.

या गावात नागोजी ओतारी राहायचा. पितळ वितळवून घंटा ओतायचा. त्याची बायको धुरपा गावच्या एकवीस गायी राखायची, आणि ती परत येईपर्यंत नागोजीचा जीव थाऱ्यावर नसायचा. धुक्यात दिसणार काय? मग त्याने प्रत्येक गाईसाठी एक घंटा ओतली, प्रत्येकीचा सूर वेगळा. वेशीत एक उंच दगडी पायरी होती. गायी ठरलेल्या क्रमाने, एकेक करून ती उतरायच्या. उतरताना मानेला हिसका बसायचा आणि घंटा एकदाच वाजायची. एकवीस गायींच्या एकवीस सुरांची मिळून एक चाल व्हायची. गाव तिला घरओढ म्हणू लागलं. एखादी गाय मागे राहिली की चालीत खड्डा पडायचा, आणि माणसं लगेच रानाकडे धावायची.

पण चाल निघाली भलतीच गोड! ती सुरू झाली की रडकी पोरं गप्प व्हायची, चुलीवरचं दूध उतू जाता जाता थांबायचं आणि छपरावर टेकलेले ढग झोपी जायचे, असं म्हणतात. सात पठारांवरून पाहुणे ऐकायला येऊ लागले. गावाला कौतुकाची चटक लागली. अडचण एकच होती. अकरावी गाय मोरी म्हातारी झाली होती. ती रेंगाळायची, तिचा सूर चुकायचा आणि पाहुणे एकमेकांकडे बघायचे.

एक दिवस गावची जाणती मंडळी नागोजीकडे आली. "मोरीचा सूर दुसरीच्या गळ्यात बांध बाबा. पाव्हण्यांम्होरं मान खाली जाती."

धुरपाने ते ऐकलं. "आवं, मोरी आली न्हाई तर तिचा सूर तरी कशापायी यावा? हे लबाड वाजवणं झालं."

नागोजी हसला. कारागीरच तो, आपली चाल मोडकी वाजलेली त्यालाही खपत नव्हती. त्याने मोरीच्या सुराची दुसरी घंटा ओतली आणि दहाव्या गाईच्या गळ्यात जोडीने, पण लांब दोरीला बांधली, म्हणजे ती क्षणभर मागाहून वाजे. मोरी आली काय, न आली काय, चाल रोज पुरी वाजू लागली.

आणि एका संध्याकाळी मोरी रानातच बसली, उठेना. गायींना वाट पाठ होती, म्हणून धुरपाने बाकीच्या पुढे हाकलल्या आणि ती मोरीला उठवत मागे थांबली. वीस गायी पायरी उतरल्या, सूर मात्र एकवीस वाजले. पाहुणे वाहवा करत उठले. नागोजीनेही डोळे मिटून मान डोलावली. घरी जाऊन त्याने दोन ताटं मांडली, दुसरं रिकामंच राहिलं, तेव्हा कुठे धुरपा परतलीच नाही हे त्याच्या ध्यानात आलं. तो धावत सुटला. पण धुकं पायरीपर्यंत भरलं होतं, आणि त्याची हाक कापसात पडावी तशी त्यात विरून गेली.

सकाळी रान मोकळं झालं, पण धुरपा आणि मोरी कुठेच दिसेनात. त्याने ती जोडीची घंटा हातोड्याने फोडली. "माझ्या हातानं मी तिची हाक बुजवली," असं म्हणत तो ढसाढसा रडला.

त्या संध्याकाळी दहा सूर वाजले, आणि मग खड्डा पडला. त्या शांततेत धुक्याच्या पार आतून, अगदी बारीक, मोरीची घंटा वाजली. बारावी गाय उतरली तसा तो आवाज बुडाला.

मग नागोजी रोज त्या खड्ड्यापुरता आवाजाच्या दिशेने चालायचा, जिथे आवाज थांबेल तिथे दगड ठेवायचा आणि दगडांच्या रांगेने परत यायचा. दुसऱ्या दिवशी शेवटच्या दगडापासून पुढे. दहावी गाय उतरली की तिच्या मागची आपणहून पायरीवर थांबू लागली, रोज थोडी जास्त. अख्खं गाव श्वास रोखून उभं राहायचं. अशी बारा वर्षं गेली, असं म्हणतात. एके दिवशी धुक्यात घंटा वाजली, आणि तिच्या पाठोपाठ बाईचा आवाज आला, "किती उशीर केलात!" नागोजी त्या दिवशी परतला नाही.

निळवणात आजही वीसच घंटा आहेत. दहावी वाजली की मागची गाय थांबते, दळणाची जाती थांबतात, भांडणंसुद्धा थांबतात. जो तो आपल्या घरात बघतो, कोण अजून आलं नाही, आणि त्याला नावाने हाक मारतो.

नवखा पाहुणा हमखास विचारतो, एवढी सुंदर चाल, मग तेवढी जागा भरत का नाही?

तेव्हा गावातली कुणीही बाई धुक्यात गेलेल्या दगडांच्या रांगेकडे बघत सांगते, "थांबा वाईच. दोघं निघाल्यात. मोरी म्हातारी हाय, हळू चालती."