हक्कसोडपत्राच्या जोडीचा कागद

एकदा एका तालुक्याच्या गावी एक वृद्ध वकील राहत असत. कोर्टात जाणे त्यांनी सोडले होते. पण वाटण्यांचे तंटे त्यांच्या ओसरीवर येतच राहिले. हाताशी एक तरुण शिष्य होता. नुकती सनद मिळालेला, हुशार, आणि कायद्याने सगळे सुटते असे मानणारा.

एके सकाळी उत्तमराव नावाचे गृहस्थ आपल्या थोरल्या बहिणीला, मथुराबाईंना, घेऊन आले. वडील जाऊन वर्ष झाले होते. तलाठ्याने वारसनोंद केली आणि सातबाऱ्यावर भावाच्या नावाखाली आईचे आणि बहिणीचेही नाव लागले. वडिलार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच वाटा कायद्याने दिला. आपण सभ्य माणसांनी त्यावर लगोलग उपाय शोधला, त्याचे नाव हक्कसोडपत्र. बहिणीने सही करायची, भावाने साडी नेसवायची, आणि सगळ्यांनी मिळून याला प्रेम म्हणायचे. आईच्या वाट्यासाठी तिचा अंगठा आधीच घेऊन झाला होता. साडीही उत्तमरावांनी बरोबरच आणली होती, पिशवीत, किमतीची चिठ्ठी न काढता.

शिष्याने शेत आणि घर दोन्हींवरचा हक्क सोडण्याचा मसुदा पुढे ठेवला. त्यात ‘राजीखुषीने’ हा शब्द तीन ठिकाणी होता.

“मथुराबाई, तुमची इच्छा आहे ना?” वृद्धाने विचारले.

“व्हय जी. मला काय करायचीय जमीन? आई अंथरुणाला खिळलीय. तिच्यापाशी येता-जाता यावं, माहेर राहावं, एवढंच.”

वृद्धांनी एक कोरा कागद ओढून स्वतःच्या हाताने चार ओळी लिहिल्या आणि तो उत्तमरावांपुढे सरकवला. ‘माझी बहीण मथुरा हिला वाटेल तेव्हा ती या घरी येईल, वाटेल तितके दिवस आईजवळ राहील, आणि आईच्या पश्चातही हे घर तिला उघडे राहील.’

“ताईंनी सही करण्याआधी तुम्ही यावर करा,” वृद्ध म्हणाले.

उत्तमराव हसले. “साहेब, हे काय लिहून द्यायचं असतं का? नातं हाय आमचं.”

“मग शेतही नात्यावरच राहू द्या. तेवढंच का लिहून घेता?”

शिष्याला हे मुळीच रुचले नाही. बाई राजी, भाऊ राजी, आणि म्हाताऱ्याला मध्येच ही कुठली हुक्की आली! उत्तमराव फोन घेऊन अंगणात गेले. घरी बायकोशी बराच वेळ बोलणे झाले. परतले तेव्हा चेहऱ्यावर अवघडलेपण होते.

“तसं काय नाय साहेब. फक्त ते ‘वाटेल तेव्हा’ काढा. ‘बोलावल्यावर’ असं घाला. म्हंजे उद्या कटकट नको.”

मथुराबाईंनी भावाकडे पाहिले. रडल्या नाहीत. हातातल्या पेनाला टोपण लावून त्यांनी ते शिष्याला परत दिले.

“उत्तम, माझं नाव राहू दे सातबाऱ्यावर.”

“आक्का, इचार कर. आज उठून गेलीस तर माहेर तुटलं तुझं.”

“ते तू आत्ताच सांगितलंस की,” त्या म्हणाल्या आणि चपला घालून निघाल्या. त्यांच्या मागोमाग उत्तमरावही निघाले, वकिलाला शिव्या देत, साडीची पिशवी न विसरता.

शिष्याचा संताप आवरेना. “गुरुजी, आपण एक घर मोडलंत. त्या निमूटपणे सही करत होत्या.”

“निमूटपणे करत होत्या, म्हणूनच थांबवलं,” वृद्ध म्हणाले. “त्यांना वाटत होतं, जमीन दिली की माहेर मिळेल. जे समोरच्याला द्यायचंच नाही, त्याच्यासाठी त्या आपलं असलेलं देऊन टाकत होत्या. आज त्या घरात शिरायला त्यांना कोणाच्या बोलावण्याची गरज नाही, तो उंबरा त्यांचाही आहे. सही झाली असती तर त्या पाहुण्या झाल्या असत्या. मी घर मोडलं नाही, बाळा. मोडलेलं होतं, ते दाखवलं. आणि दाखवून मला काही आनंद झालेला नाही.”

“पण सगळेच भाऊ असे नसतात.”

“नसतील. मी होतो.” वृद्धांचा आवाज खाली आला. “माझ्या बहिणीचं हक्कसोडपत्र मीच लिहिलं, पंचवीस वर्षांपूर्वी. कायद्याच्या दृष्टीने निर्दोष. आई गेली तेव्हा ती तेराव्याला आली. माझ्या पत्नीने सहज विचारलं, ‘किती दिवस आहात?’ मी तिथेच बसलो होतो. ‘तिला हवे तितके’ एवढं मला म्हणता आलं असतं. मी पेपर वाचत राहिलो. ती संध्याकाळच्या एस.टी.ने गेली, ती पुन्हा आली नाही.”

शिष्याचा राग आता उरला नव्हता. त्याने विचारले, “त्या आता कुठे असतात?”

“ठाऊक नाही. माझ्याकडे तिचा एकच पत्ता आहे. त्या हक्कसोडपत्रावर लिहिलेला.”

ज्यांच्या कपाटात असा कागद जपून ठेवलेला आहे, त्यांनी तो एकदा बाहेर काढावा आणि बहीण अजून त्याच पत्त्यावर राहते का, एवढे तरी पाहून यावे.