दरीकडचा दोर

"झीज म्हनं! अरं, झीज जोड्याला लागती, नांगराच्या फाळाला लागती. जित्या मानसाला कसली झीज रं? चार बुकं जास्त शिकलास म्हनून तोंडाला येईल ते बोलशील व्हय?"

ह्ये समदं हिंदुराव डाक्तरला सुनवत हुता. डाक्तर हितं न्हवताच. त्यो खाली तालुक्याला, आपल्या दवाखान्यात पंख्याखाली बसला असंल. हितं डोंगराच्या निम्म्या चढावर एक झरा, झऱ्याकाठी एक पडवी, आन पडवीत म्हातारा केशरगिरी गोसावी. त्यो नारळाच्या शेंडीनं पान्याचा माठ घासत हुता.

"डाक्तर हितं हाय का?" गोसाव्यानं इचारलं.

"न्हाई."

"मंग कुनावर वरडतूस?"

"तुमाला सांगतोय, बाबा."

"मी काय केलं?"

हिंदुरावनं एक खडा उचलून झऱ्यात भिरकावला.

"डाक्तर काय म्हनला ते सांग. शिव्या वगळून."

शिव्या वगळल्या तर सांगायला थोडंच उरलं.

डाक्तरनं त्येला खोलीत ह्या भितीपासनं त्या भितीपातूर चालवलं हुतं. बाजारात बैल चालवून बघत्यात तसं. मंग फोटू काढला. मंग म्हनला, पाऊल टेकून अंगाचा भार आला की तुमचा उजवा गुडघा भाईरच्या अंगाला ठोसा मारतोय. सरकतोय, आन परत जाग्यावर येतोय. दर पावलाला. त्येनं आतली बाजू घासती. आतली गादी घासून घासून संपत आलीया. आन गादी जशी संपंल तसा ठोसा आनिक वाढंल.

"खरं बोलला," गोसावी म्हनला.

"तुमी बी त्येच्याच बाजूचं?"

"गुडघ्याच्या बाजूचा."

"आन काठी टेकत चाला म्हनला!" हिंदुरावचा आवाज परत चढला. "मला! देवाची काठी नाचवलेला गडी मी. आता म्हाताऱ्यावानी टेकत टेकत हिंडू? कुत्री भुकतील मला."

हिरवडी गावची देवाची काठी बघितली न्हाई त्येला ह्ये कळायचं न्हाई. ती हातातली काठी न्हवं. ताडाएवढा उंच कळकाचा बांबू. शेंड्याला मोरपिसांचा झुपका, अंगभर लाल-पांढरं कापड. चैतात ती डोंगरावर देवाला भेटायला जाती. एक गडी कमरंच्या चामडी पट्ट्यात तिचा बुंधा बसवतो, आन उभीच्या उभी घेऊन डोंगर चढतो. वरनं चार दोर सोडल्यालं असत्यात. चार आळ्यांचं चार गडी चार बाजूंनी ते तानून धरत्यात, म्हंजी काठी कलत न्हाई.

ज्या आळीचा दोर, त्याच आळीनं धरायचा. आळीत धरनारा नसंल तर दोर काठीलाच गुंडाळायचा, पन परक्याच्या हातात जाऊ द्यायचा न्हाई. अशी त्या गावची रीत. चांगली का वाईट, देवाला ठावं.

हिंदुरावनं ती काठी उभ्या जवानीत नाचवली. लगीन झालं तवा नाचवली, बाप मेला त्या साली बी नाचवली. गेल्या चैतात पंचांनी त्येचा पाय बघितला आन काठी म्हादूला दिली. म्हादू त्येचा चुलतभाऊ. धाकटा, बोलायला मऊ.

"आन त्यो म्हादू," हिंदुराव म्हनला, "आज पहाटंच म्हादू दारात आला. म्हनतोय, दादा, दोर धरायला चल, तुझ्याबिगर आळीत हाय कोन? मला दोर धर म्हनतोय! म्हनलं, काठी धरनारा हात दोर धरत नसतोय, चालता हो. वर पट्टा मागत हुता. माझा पट्टा!"

"दिलास?"

हिंदुरावनं सदरा वर केला. पट्टा कमरंला बांधला हुता. काळा पडल्याला, मधी बुंधा बसून बसून खोलगा झाल्याला.

"बायकू म्हनली, पोटाला काय गुंडाळलंय? म्हनलं, पोट दुखतंय."

गोसावी हासला न्हाई. माठ पालथा घातला आन इचारलं, "तुला काय पायजे?"

आता आली पंचाईत. मघापासनं तोफेवानी सुटनारा गडी, पायाच्या अंगठ्यानं माती उकरायला लागला.

"काठी आज हिकडनंच वर जानार," त्यो म्हनला. "झऱ्यावर थांबंल. मानसं पानी पितील. गाव तुमचा सबुद मोडत न्हाई, बाबा. तुमी फकस्त म्हना, हितनं वर हिंदुराव नेईल... एकडाव. मंग न्हाई मागत."

"एकडावानं भागतं?"



कसलं भागतंय! रानात पानी पाजताना त्यो खोऱ्याचा दांडा पोटाला लावून आभाळाकडं बघत उभा ऱ्हायचा. पाट फुटायचा, पानी शेजारच्या वावरात घुसायचं, शेजारी आई-भईन काढायचा, तवा हा गडी शुद्धीवर. बुंधा कमरंत बसला की टाचंपातूर जे वजन उतरायचं, त्या वजनासाठी त्येचा जीव तुटत हुता. वर कापड फडफडतंय, शेंडा कुटं ढगात हाय कळत न्हाई, आन त्येचा सारा थरार खाली आपल्या बेंबीत येतोय. तसं परत कायसुदिक झालं न्हाई. जेवन गोड लागंना. झोपंत मुठी आवळल्याल्या असायच्या, बायकू एकेक बोट सोडवायची.

"चाल," गोसावी म्हनला.

"वर?"

"त्या उंबरापातूर. आन परत."

"तुमी बी डाक्तरच झाला की!"

"चाल म्हनतो ना."

हिंदुराव छाती काढून चालला. लई जपून, लई सरळ. पन गुडघा कुनाचं ऐकतोय? पाऊल टेकलं की उजवा गुडघा भाईरच्या अंगाला उडायचा, ढिल्या बिजागरीचं कवाड हलावं तसा. गावातली टारगट पोरं म्हनायची, हिंदूतात्याचा गुडघा वाटंनं भेटंल त्येला रामराम करतोय. एकाला त्येनं त्यापायी कानफटीत दिली हुती. रामराम काय थांबला न्हाई.

उंबरापासनं परतताना त्येच्या कपाळावर घाम आला.

गोसावी उठला. हिंदुरावच्या उजव्या अंगाला आला. वाकला, आन गुडघ्याच्या भाईरच्या बाजूला आपला तळहात लावला.

"बाबा, पायाला हात नगा लावू. पाप लागंल मला."

"तुझं पाप मी बघतो. टाक पाऊल."

टाकलं.

गुडघा उडाला न्हाई.

"आनिक टाक."

म्हातारा वाकल्याला तसाच, बाजूनं खेकड्यावानी चाललाय. हिंदुराव पाऊल टाकतोय. गुडघा जाग्यावर. कळ न्हाई, ठोसा न्हाई. हिंदुरावचं तोंड असं झालं, जत्रंत हरवल्याल्या पोराला आई दिसावी तसं.

"बाबा... दुखत न्हाई! कसला मंतर ह्यो?"

"तळहात हाय."

आन गोसाव्यानं हात काढला.

पुढच्या पावलाला गुडघा भाईर. हिंदुराव कळवळून खाली बसला.

"परत लावा की!"

"कुटवर येऊ असा?"

...

झऱ्याचं पानी दगडावरनं वाहत हुतं. गोसाव्यानं एक तांब्या भरून हिंदुरावच्या म्होरं ठेवला.

"तुमच्या आळीचा दोर कंचा?"

"दरीकडचा. डावा."

"तू काठी नाचवायचास तवा कोन धरायचं?"

"म्हादू."

"शेवटपातूर?"

हिंदुरावनं तांब्या उचलला. प्याला न्हाई. खाली ठेवला.

शेवटपातूर न्हाईच. एका चैतात झऱ्याखालच्या वळनावर कुनीतरी म्हनलं हुतं, म्हादूनं दोर तानलाय म्हनून हिंदुराव उभा हाय. झालं. ह्या गड्याचं डोस्कं भडाकलं. भरल्या जत्रंत वरडला, "सोड त्यो दोर! मी काय लुळा हाय?" म्हादूनं सोडला. दोर काठीला गुंडाळला. त्या दिसापासनं हिरवडीची काठी तीन दोरांवर चढायला लागली, आन चौथ्या दोराच्या जाग्याला हिंदुरावची मिजास.

"दरीतनं वारा यायचा," गोसावी म्हनला. "काठीला उजवीकडं ढकलायचा. डावीकडनं वढायला दोर न्हाई. मंग तिला कोन थोपवत हुतं?"

हिंदुरावनं खाली आपल्या उजव्या गुडघ्याकडं बघितलं. पैल्यांदाच बघत असल्यावानी.

"लोकं टाळ्या वाजवायची, बाबा," त्यो बारीक आवाजात म्हनला.

"गुडघ्याला ऐकू येत नसतील."

तेवढ्यात खालनं हलगी ऐकू आली.

हिंदुराव उभा राहिला. कसा राहिला त्येचं त्येलाच कळलं न्हाई. वळनावर आधी मोरपिसं दिसली. मंग लाल कापड, मंग पांढरं. मंग आख्खी काठी, आभाळाला टेकून हळूहळू वर येनारी. "चांगभलं!" मानसं वरडत हुती. गुलालाचा ढग तिच्या म्होरं चालला हुता.

हिंदुरावचा हात सदऱ्याखाली पट्ट्यावर गेला. बुंधा बसायचा त्या खोलग्यात अंगठा फिरवत त्यो उभा. डोळं भरलं, पन त्येनं पुसलं न्हाईत.

"बाबा, बोला की... आता येत्याल ती."

गोसावी वळनाकडंच बघत हुता. "वर नगं बघू," त्यो म्हनला. "खाली बघ."

वर मोरपिसं. खाली म्हादू. कमरंला पट्टा न्हाई, टावेल पिळून गुंडाळलाय, त्येच्यात बुंधा. टावेल सरकतोय, म्हादू एका हातानं वर वढतोय. तीन दोर तानल्यालं. चौथा, दरीकडचा, काठीला गुंडाळल्याला, टोक वाऱ्यावर आपटतंय.

दरीतनं वारा आला. काठी उजवीकडं झुकली. तिघं दोरवालं वरडलं. म्हादूनं दात आवळलं, उजवा पाय रोवला...

आन त्येचा गुडघा भाईर उडाला.

परत जाग्यावर आला. दुसरं पाऊल. परत उडाला.

हिंदुरावनं ते बघितलं. त्येच्या सवताच्या गुडघ्यात कळ उठली, उभ्या उभ्या, पाऊल न टाकता.

"ह्येला कवापासनं ह्ये..." त्यो पुटपुटला.

"काठी हातात आली तवापासनं," गोसावी म्हनला. "गेल्या साली थोडं हुतं. हितं पानी प्यायला बसला, तवा गुडघा चोळत हुता. तुला बोलला न्हाई?"

"मी बोलू दिलं तर बोलंल..."

काठी जवळ जवळ येत हुती. म्हादूचा घाम आता दिसत हुता. त्येनं वर बघितलं. झऱ्यावर हिंदुराव उभा दिसला. म्हादू हासला बी न्हाई, तोंड बी फिरवलं न्हाई. नुसता बघत राहिला, आन पाऊल टाकत राहिला. ठोसा... ठोसा...

"बाबा, माझा पाय असा," हिंदुराव म्हनला. "दरीच्या कडंकडंनं दोर घेऊन मी कसा चढू?"

"काठी न्यायला पाय हाय, आन दोर न्यायला न्हाई?"

 

"पन मंग..." हिंदुराव म्हनला. "मंग ती परत कवाच माझ्या कमरंला बसनार न्हाई, बाबा. आज दोर धरला की संपलं. समद्या गावाम्होरं संपलं. मला ती झोपंत बी दिसती..."

हलगी अगदी जवळ आली. गुलाल पडवीच्या दगडावर उडाला.

"दोर धरनारा कुटं बघतो?" गोसाव्यानं इचारलं.

हिंदुरावनं इचार केला.

"वर," त्यो म्हनला. "शेंड्याकडं."

"आन काठी धरनारा?"

"खाली... पायाम्होरं. वर बघायला सापडतच न्हाई त्येला."

...

वारा परत आला. गुंडाळल्याला दोर सुटून दरीच्या अंगाला लोंबकळला. काठी कलली. मानसं "आरं आरं" करून मागं सरली. तीन आळ्यांचं गडी तिथंच हुतं, पन चौथ्या दोराकडं कुनाचा हात गेला न्हाई. म्हादू एका गुडघ्यावर आला.

गोसाव्यानं हिंदुरावच्या पाठीवर हात ठेवला, आन ढकललं.

"पट्टा सोड. त्येला दे. दोर धर."