दसऱ्याची तलवार

एका संस्थानात सरदारांनी गावच्या तळ्याला कुंपण घातलं. हैबती गोंधळ्याने भर जत्रेत त्यावर गाणं म्हटलं, तर दसऱ्याच्या दरबारात त्याला मुसक्या आवळून उभं केलं.

"महाराज, हा बंडखोर!" दिवाणजी गरजले. "थोरामोठ्यांविरुद्ध तोंड उघडतो. हद्दपार करा."

हैबतीच्या डोळ्यांपुढे पोरंबाळं आली. तेवढ्यात त्याला चौरंगावरची, नुकतीच पुजलेली तलवार दिसली.

"दिवाणजी, ही तलवार कुणाची?"

"घराण्याच्या मूळपुरुषांची! बादशहाशी झुंजून त्यांनी ही गादी मिळवली."

"आणि बादशहा त्यांना काय म्हणायचा?"

दिवाणजींनी महाराजांकडे पाहिलं. महाराजच मिशीत हसून म्हणाले, "बंडखोर!"

"मग सरकार, 'बंडखोर' ही शिवी कशी? आज सकाळी आपणच त्या शब्दाला हळदकुंकू वाहिलंत."

दरबार खदखदून हसला. महाराजांनी मुसक्या सोडवल्या, कुंपणही काढायला लावलं. हैबतीचा जीव भांड्यात पडला.

संध्याकाळी आपट्याचं सोनं वाटताना दिवाणजींनी पहिलं पान हैबतीच्याच हातावर ठेवलं. उद्याचा मूळपुरुष कोण निघेल, कुणी सांगावं!